कर्तव्य त्याचे, खर्च तिचा : जपानी मूकपटांतील स्त्रियांविषयी वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकात केन्जी मिझोगुची यांच्या ‘ताकी नो शिराइतो’ (१९३३) या मूकपटावर एक टिपण प्रसिद्ध झाले होते. पाण्याचे खेळ करणारी शिराइतो ही कलावंतीण किन्या या गरीब गाडीवानाच्या प्रेमात पडते आणि त्याच्या कायद्याच्या शिक्षणाचा सगळा खर्च उचलते. त्याच पैशापायी तिच्या हातून एका सावकाराचा खून होतो आणि खटल्याच्या वेळी सरकारी वकील म्हणून तोच प्रियकर तिच्यासमोर उभा राहतो, अशी त्या चित्रपटाची कथा. त्यावर आलेल्या पत्रांतील निवडक प्रश्नांना येथे उत्तरे देत आहोत.

प्रश्न : नायिका प्रियकरासाठी सर्वस्व देते आणि अखेर त्याच्या कर्तव्यापायी स्वतःचा जीवही देते. हा स्त्रीच्या त्यागाचा उदोउदोच नव्हे का? असा चित्रपट आज आपण कौतुकाने का पाहावा? (एक वाचक, सातारा)

त्यागाचा उदोउदो त्या काळच्या जपानी चित्रपटांत भरपूर होता, आणि हा चित्रपट ज्या परंपरेतून आला तिचा तर सारा डोलाराच त्यावर उभा होता. मूळ कथा इझुमी क्योका यांची, १८९४ सालची. पुढच्याच वर्षी ती ‘शिंपा’ रंगभूमीवर आली. शिंपा म्हणजे काबुकी या जुन्या पारंपरिक नाट्यप्रकाराहून वेगळी, समकालीन विषयांवरची, पण प्रेक्षकांच्या डोळ्यांतून पाणी काढण्यात तितकीच तरबेज असलेली नाट्यपरंपरा. अशा नाटकांत स्त्रीने सोसायचे आणि प्रेक्षकांनी रडायचे, हे ठरलेलेच असे. मिझोगुचींनी ही चौकट मोडली नाही, हे आधीच मान्य केले पाहिजे.

मात्र त्या चौकटीत राहून त्यांनी एक गोष्ट फार चिकाटीने केली, ती म्हणजे पैशाचा माग सोडला नाही. शिराइतो पुलावर किन्याला शिक्षणासाठी पैसे पाठवण्याचे वचन देते, तेव्हा तिचा धंदा जोरात आहे, पंख्याच्या टोकातून पाण्याची कारंजी उडवणाऱ्या या बाईसाठी तंबू भरतो आहे. पुढे किन्या तोक्योला जातो आणि जवळजवळ पडद्याआड होतो. त्याचा अभ्यास आपल्याला फारसा दिसत नाही, दिसते ती तिची मिळकत. पाण्याचे खेळ हा उन्हाळ्याचा धंदा आहे, हिवाळ्यात प्रेक्षक फिरकत नाहीत, मंडळातल्या लोकांची देणी थकतात, पळून जाऊ पाहणाऱ्या एका तरुण जोडप्यालाही तीच मदत करते, आणि तरीही तोक्योला पैसे गेलेच पाहिजेत. सावकाराकडे ती जाते ती या ओढाताणीतून. त्याच्याकडून मिळालेली रक्कम वाटेत लुटली जाते, लुटारू त्याचेच हस्तक असल्याचे तिला कळते, ती परत जाते, झटापट होते आणि सावकार मरतो. चित्रपटाचा हा मधला भाग एखाद्या जमाखर्चाच्या वहीसारखा आहे : किन्याच्या नावावर जे जे जमा होते, ते ते शिराइतोच्या नावे खर्ची पडलेले असते.

म्हणून न्यायालयातला प्रसंग नुसत्या योगायोगाचा राहत नाही. ज्या कायद्याने तिचा निवाडा व्हायचा आहे, तो कायदा किन्या तिच्याच पैशावर शिकला आहे. सरकारी वकिलाने आपले कर्तव्य चोख बजावावे, असे ती स्वतः त्याला सांगते. हा भाग मला पचवायला जड जातो, हे मोकळेपणाने सांगतो. पण शिराइतोची भूमिका करणाऱ्या ताकाको इरिए यांचा चेहरा त्या वेळी नीट पाहावा. तिथे निमूट शरणागती नाही, आपण घडवलेल्या माणसाला त्याच्या जागी उभे पाहिल्याचे समाधान आहे, आणि त्यामुळेच तो प्रसंग अधिक अस्वस्थ करतो. पुढे ती भर न्यायालयात जीभ चावून प्राण देते आणि किन्या स्वतःवर गोळी झाडून घेतो. त्याच्या मरणाने त्याचे ऋण फिटते असे मूळ परंपरेला वाटत असावे. चित्रपट पाहताना मला तसे वाटत नाही, आणि मिझोगुचींनाही तसे वाटत होते असे दिसत नाही, कारण दोनच वर्षांनी त्यांनी हीच गोष्ट पुन्हा, अधिक निष्ठुरपणे सांगितली.

तो चित्रपट म्हणजे ‘ओरिझुरु ओसेन’ (१९३५), तोही क्योका यांच्याच कथेवरचा. इथे ओसेन एका निराधार मुलाला सांभाळते, डॉक्टर होण्यासाठी त्याला शिकवते, आणि त्याच्या शिक्षणासाठी देहविक्रय करते. अटक होऊन नेत असताना ती कागदाचा करकोचा घडी घालून करते आणि फुंकरीने त्याच्याकडे सोडते. वर्षांनंतर पावसामुळे गाडी अडकलेल्या एका स्थानकावर नामांकित डॉक्टर झालेला तो मुलगा एका आजारी बाईला तपासायला जातो. ती ओसेन असते. तिला वेड लागलेले असते आणि ती त्याला ओळखत नाही. इथे दोघांच्या एकत्र मरणाचाही दिलासा नाही. माणूस मोठा झाला, त्याला मोठा करणारी संपली, एवढेच उरते. ओसेनची भूमिका करणाऱ्या इसुझु यामादा तेव्हा विशीच्याही आत होत्या.

मिझोगुचींच्या घरची हकीकत येथे सांगायला हवी. वडिलांचा धंदा बुडाल्यावर थोरल्या बहिणीला, सुझूला, दत्तक देण्यात आले आणि पुढे ती गेइशा झाली. आईच्या मृत्यूनंतर धाकट्या भावाला आधार दिला तो तिनेच. बहिणीच्या मिळकतीवर उभा राहिलेला माणूस आयुष्यभर अशाच स्त्रियांच्या कथा सांगत राहिला, हे मला त्यांच्या चित्रपटांइतकेच महत्त्वाचे वाटते. आणखी एक गोष्ट : ‘ताकी नो शिराइतो’ ज्या संस्थेने काढला, ती संस्था इरिए यांची स्वतःची होती. सरदार घराण्यात, एका व्हायकाउंटच्या घरी जन्मलेल्या या अभिनेत्रीने १९३२ मध्ये आपली निर्मितिसंस्था काढली. पडद्यावर सर्वस्व देणारी ही बाई पडद्यामागे मालकीण होती.

प्रश्न : जपानी मूकपटांत सुरुवातीला स्त्रियांच्या भूमिका पुरुष करीत, असे वाचले. आपल्याकडच्यासारखेच हे होते का? (एक वाचक, पुणे)

होय. १९१४ मध्ये टॉलस्टॉय यांच्या ‘पुनरुत्थान’ कादंबरीतील कात्यूशा जपानी पडद्यावर आली, ती तेइजिरो ताचिबाना या पुरुष नटाच्या रूपाने. गंमत अशी की, त्याच वर्षी तोक्योच्या रंगभूमीवर सुमाको मात्सुई ही अभिनेत्री कात्यूशा साकारत होती आणि तिचे त्या नाटकातले गाणे घरोघर पोचले होते. नाटकाच्या मंचावर स्त्री उभी राहिली, पण कॅमेऱ्यासमोर उभी राहायला तिला आणखी काही वर्षे लागली. काबुकीतून आलेल्या ‘ओन्नागाता’ नटांची, म्हणजे स्त्री-भूमिका करणाऱ्या पुरुषांची, कला मोठी होती, त्यांचा प्रेक्षकही बांधलेला होता, आणि चित्रपट कंपन्यांना तो गमवायचा नव्हता.

आपल्याकडे दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मधील (१९१३) तारामती अण्णा साळुंके यांनी केली, हे सर्वज्ञात आहे. फरक असा की फाळके यांना स्त्रिया मिळत नव्हत्या म्हणून त्यांनी पुरुष घेतला, आणि मिळताच दुर्गाबाई कामत व कमलाबाई या मायलेकींना ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये घेतले. जपानमध्ये मात्र स्त्री-भूमिका करणारे नट कंपनीचे मानाचे आणि पगारी कलावंत होते, त्यामुळे त्यांना हटवणे हा एक संघर्षच झाला. नोरिमासा काएरियामा यांनी १९१९ मध्ये प्रदर्शित केलेल्या चित्रपटात हारुमी हानायागी या अभिनेत्रीला नायिका केले, १९२१ मध्ये शोचिकु कंपनीने सुमिको कुरिशिमा यांना पुढे आणले आणि त्या देशाच्या पहिल्या मोठ्या चित्रतारका ठरल्या. १९२२ मध्ये निक्कात्सु कंपनीतले स्त्री-भूमिका करणारे नट एकत्रितपणे कंपनी सोडून गेले. त्यांत तेइनोसुके किनुगासा होते, जे पुढे मोठे दिग्दर्शक झाले. १९२३ च्या सप्टेंबरमधील भूकंपाने तोक्योतील बरीच चित्रपटगृहे आणि स्टुडिओ उद्ध्वस्त केले, आणि नव्याने उभ्या राहिलेल्या धंद्यात जुन्या पद्धतीला फारशी जागा उरली नाही.

यात मला महत्त्वाचे वाटते ते कॅमेऱ्याचे जवळ येणे. ओन्नागाताची कला अंतरावर अवलंबून असते : मानेची कलती रेषा, बाहीची हालचाल, पावलांची चाल. कॅमेरा चेहऱ्याशी गेला की स्त्रीत्वाच्या खुणा पुरेशा पडत नाहीत, त्या विशिष्ट स्त्रीच्या मनात काय चालले आहे ते दिसावे लागते. प्रेम आणि कर्तव्य यांच्या ओढाताणीची गोष्ट जपानी रंगभूमीवर दोन शतके सांगितली जात होती. ती सोसणारीचा चेहरा प्रेक्षकांनी इतक्या जवळून पाहिला, तो मूकपटात.

प्रश्न : हे प्रेमिक सरळ लग्न का करीत नाहीत? प्रत्येक कथेत मरण किंवा ताटातूट का? (एक वाचक, नागपूर)

कारण लग्न ही त्या दोघांची गोष्ट नव्हती. १८९८ च्या नागरी कायद्याने कुटुंबप्रमुखाला मोठा अधिकार दिला होता, आणि तीस वर्षांखालील पुरुषाला व पंचवीस वर्षांखालील स्त्रीला लग्नासाठी आईवडिलांची संमती लागे. विवाहित स्त्रीला कर्ज काढायचे किंवा मालमत्तेचा व्यवहार करायचा तर नवऱ्याची परवानगी हवी. पत्नीचा व्यभिचार हा फौजदारी गुन्हा होता, नवऱ्याने अविवाहित स्त्रीशी संबंध ठेवले तर तो गुन्हा नव्हता. गेइशा किंवा वेश्यागृहातील मुलगी तर आगाऊ घेतलेल्या रकमेने बांधलेली असे, आणि ती रक्कम बहुधा बापाने घेतलेली असे. तिच्यावर प्रेम करणे म्हणजे तिचे कर्ज फेडणे, आणि ती ऐपत प्रियकराकडे नसे.

रंगभूमीवरची परंपरा त्याहून जुनी. चिकामात्सु मोन्झाएमोन यांचे ‘सोनेझाकी शिंजू’ हे बाहुलीनाट्य १७०३ चे. त्यात एक व्यापारी नोकर आणि एक वेश्या एकत्र प्राण देतात. अशा नाटकांमागोमाग प्रेमी जोडप्यांच्या खरोखरीच्या आत्महत्या वाढल्या, म्हणून १७२३ मध्ये शोगुनच्या, म्हणजे लष्करी शासकाच्या, सरकारने ती नाटके बंद केली. मूकपटांनी हा वारसा घेतला. समाजाची बांधिलकी एकीकडे, माणसाची माया दुसरीकडे, आणि दोन्ही खऱ्या, अशी ती मांडणी आहे. माझे मत असे की या मांडणीत एक लबाडी नेहमी लपलेली असते : बांधिलकी दोघांवर सारखी आहे असे दाखवले जाते, पण ती निभावण्यासाठी विकले जाते ते एकाचेच शरीर.

ही लबाडी यासुजिरो ओझु यांनी ‘तोक्यो नो ओन्ना’ (१९३३) या पाऊण तासाच्या छोट्या चित्रपटात उघडी पाडली. चिकाको दिवसा टंकलेखिका म्हणून काम करते आणि रात्री बदनाम जागी जाते, ते भावाच्या महाविद्यालयीन शिक्षणासाठी. भावाला हे कळते. तो तिला मारतो, घराबाहेर पडतो आणि आत्महत्या करतो. घराण्याच्या अब्रूसाठी मरणारा पुरुष म्हणून त्याच्याबद्दल हळहळ वाटावी, अशी सोय ओझु ठेवत नाहीत. एवढ्याशा गोष्टीसाठी मेलास, असा बहिणीचा संताप त्याच्या प्रेताशेजारी उमटतो, आणि बातमीसाठी आलेले वार्ताहर यात काही विशेष नाही असे ठरवून रस्त्याने निघून जातात. चिकाकोची भूमिका करणाऱ्या योशिको ओकादा स्वतः फार वेगळ्या धाटणीच्या होत्या. १९२७ मध्ये चित्रीकरण अर्धवट टाकून त्या सहनटाबरोबर निघून गेल्या होत्या, आणि १९३८ च्या जानेवारीत साखालिन बेटावरची बर्फाळ सीमा ओलांडून प्रियकरासह सोव्हिएत संघात गेल्या. तिथे तो मारला गेला आणि त्यांच्या वाट्याला तुरुंगवास आला.

प्रश्न : या चित्रपटांत एखादी तरी स्त्री “नाही” म्हणते का? (एक वाचक, मडगाव)

म्हणते, आणि त्यासाठी मिकिओ नारुसे यांच्याकडे जावे. मला स्वतःला मूकपटांच्या काळातील जपानी दिग्दर्शकांत स्त्रियांच्या बाबतीत तेच सर्वांत प्रामाणिक वाटतात. त्यांच्या नायिका मरत नाहीत, दुसऱ्या दिवशी कामावर जातात.

‘योगोतो नो युमे’मध्ये (१९३३) सुमिको कुरिशिमा बंदराजवळच्या एका दारूच्या गुत्त्यात काम करणारी आई आहे. तिला सोडून गेलेला नवरा परत येतो. तो वाईट माणूस नाही. तो प्रेमळ आहे, मुलाशी खेळतो, पण त्याला काम मिळत नाही, आणि मुलगा मोटारीखाली सापडून जखमी होतो तेव्हा औषधोपचारासाठी तो चोरी करतो. बायको त्याला पोलिसांकडे जायला सांगते. तो जाऊन बुडून मरतो आणि मागे चिठ्ठी ठेवतो. येथे दुसऱ्या कोणत्याही चित्रपटात ती चिठ्ठी छातीशी धरली गेली असती. कुरिशिमा ती फाडून टाकतात, मेलेल्या नवऱ्याला पळपुटा म्हणतात, आणि अंथरुणातल्या मुलाला तू असा होऊ नकोस, खंबीर हो, असे सांगतात. दु:ख त्यात आहेच, पण ते रागाच्या रूपाने बाहेर येते. ज्या अभिनेत्रीला दशकभर प्रेक्षकांनी सोशिक नायिका म्हणून पाहिले, तिच्या चेहऱ्यावर हा राग पाहणे हा एक वेगळाच अनुभव आहे.

‘कागिरिनाकी होदो’ (१९३४) हा नारुसे यांचा अखेरचा मूकपट. तोक्योच्या गिन्झा भागातल्या एका उपाहारगृहात वाढण्याचे काम करणारी सुगिको एका श्रीमंत तरुणाच्या मोटारीचा धक्का लागून जखमी होते आणि पुढे त्याच्याशी तिचे लग्न होते. सासू आणि नणंद तिच्या कुळावरून तिला रोज टोचत राहतात, नवऱ्याचे तिच्यावर प्रेम आहे पण आईपुढे बोलण्याची धमक नाही. सुगिको घर सोडते. पुढे अपघातात नवरा मरणपंथाला लागतो आणि तिला रुग्णालयात बोलावणे येते. रीतीप्रमाणे येथे पत्नीने पायाशी बसून क्षमा मागायची. ती जाते, पण परत नांदायला नकार देते, आणि तुमचे प्रेम मुलावर नसून घराण्याच्या नावावर आहे, असे सासूला तोंडावर सुनावते. नंतर ती गिन्झातल्या आपल्या कामावर परतते. सासुरवास या विषयावर मराठी वाचकाला काही नव्याने सांगायला नको, पण १९३४ मध्ये एका व्यावसायिक चित्रपटात सुनेने मरणशय्येशेजारी उभे राहून हे बोलावे, याचे मोल लक्षात घ्यावे.

नकाराचा आणखी एक, जळजळीत नमुना म्हणजे शिगेयोशी सुझुकी यांचा ‘नानी गा कानोजो ओ सो सासेता का’ (१९३०). एका अनाथ मुलीला नातेवाईक, सर्कसवाले, श्रीमंत घरे आणि अखेर एक धर्मादाय आश्रम असे सगळेच वापरून घेतात, आणि ती आश्रमालाच आग लावते. हा चित्रपट प्रचंड चालला. त्याची प्रत जपानमध्ये उरली नव्हती, ती पुढे रशियात सापडली, तीही सुरुवात आणि शेवट हरवलेल्या अवस्थेत. मुलीने लावलेली आग आज आपल्याला पाहता येत नाही.

प्रश्न : चित्रपट मुके होते, मग या स्त्रियांचे बोलणे प्रेक्षकांपर्यंत कसे पोचे? (एक वाचक, दादर)

पडद्याशेजारी ‘बेन्शी’ उभा असे. तो कथा सांगे, सर्व पात्रांचे संवाद आवाज बदलून म्हणे, प्रसंगावर भाष्य करी. त्याचे नाव जाहिरातीत नटांच्या बरोबरीने, कधी त्यांच्याहून मोठे छापले जाई. १९२० च्या दशकात देशभर असे हजारो बेन्शी होते आणि त्यांत स्त्रिया अगदी थोड्या. याचा अर्थ असा की, नायिकेच्या मनातला उमाळा प्रेक्षकांना बहुतेक वेळा पुरुषाच्या आवाजात ऐकू येई, आणि तिच्या त्यागाला ‘थोर’ म्हणायचे की ‘दुर्दैवी’, हे तो पुरुष ठरवी. पोलिसांचे लक्ष त्याच्यावरही असे. १९१७ च्या तोक्योतील नियमांनी बेन्शींना परवाना सक्तीचा केला आणि चित्रपटगृहात स्त्री-पुरुषांना वेगळे बसवले.

बोलपट १९३१ मध्ये आला तरी मूकपट पुढे चार-पाच वर्षे टिकले, त्यामागे बेन्शींचा जोर हेही एक कारण होते. बेन्शींनी संपही केले, पण धंदा वाचला नाही. आज ही कला जिवंत ठेवणाऱ्यांत मिदोरी सावातो या स्त्रीचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागेल. शुन्सुइ मात्सुदा या ज्येष्ठ बेन्शींचा ‘ताकी नो शिराइतो’चा प्रयोग पाहून त्या १९७० च्या दशकाच्या आरंभी त्यांच्या शिष्या झाल्या. शिराइतोचे शब्द आता एक स्त्री उच्चारते, आणि न्यायालयातल्या प्रसंगाचा तोल त्याने बदलतो.

प्रश्न : सुरुवात कोठून करावी? (एक वाचक, बेळगाव)

प्रथम एक अडचण सांगायला हवी. भूकंप, युद्धातील बॉम्बहल्ले, ज्वलनशील फिल्म आणि कंपन्यांची बेफिकिरी यांमुळे जपानी मूकपटांचा फार मोठा भाग नष्ट झाला. मिझोगुचींनी १९२० च्या दशकात केलेल्या चाळीसहून अधिक चित्रपटांपैकी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच, काही तर तुकड्यांच्या रूपात, शिल्लक आहेत. नारुसे यांच्या वीसहून अधिक मूकपटांपैकी पाच उरले, आणि ते पाचही एकत्र संचात उपलब्ध आहेत.

आधी ‘योगोतो नो युमे’ पाहा, तो सुमारे तासाभराचा आहे आणि कथा समजायला कोणतीही पूर्वतयारी लागत नाही. मग ‘तोक्यो नो ओन्ना’, आणि त्यानंतर ‘ताकी नो शिराइतो’. त्याच्या वेगवेगळ्या प्रती फिरतात आणि काहींत शेवटचा भाग अपुरा आहे, तेव्हा शक्यतो बेन्शीच्या कथनासह असलेली पूर्ण प्रत मिळवावी. ‘ओरिझुरु ओसेन’ त्याच्या पाठोपाठ लगेच पाहू नये, मध्ये काही दिवस जाऊ द्यावेत.